वाचकांचे प्रश्न : टेक्सास लेजंड्सची वाटचाल

प्रश्न : अमेरिकेतील एनबीए या व्यावसायिक बास्केटबॉल लीगने निवडलेला पंजाबचा सतनामसिंग ज्या ‘टेक्सास लेजंड्स’कडून खेळला, तो संघ नेमका कोणता?

उत्तर : हा संघ एनबीएच्या दुय्यम लीगमधील आहे. त्याचा जन्म मात्र टेक्सासमध्ये झालेला नाही. २००६ मध्ये तो कोलोरॅडो राज्यातील ब्रूमफील्ड येथे ‘कोलोरॅडो फोर्टीनर्स’ या नावाने सुरू झाला आणि २००९ मध्ये त्याने लीगचे विजेतेपदही मिळवले. परंतु विजेतेपदानंतर लगेचच त्याला आपले गाव सोडावे लागले, आणि एनबीएतील डॅलस मॅव्हरिक्स या संघाचे तत्कालीन अधिकारी डॉनी नेल्सन यांच्या गटाने तो डॅलसजवळच्या फ्रिस्को शहरात नेला. एक हंगाम विश्रांती घेऊन २०१० च्या अखेरीस तो नव्या नावाने मैदानात उतरला.

त्या पहिल्याच हंगामात नॅन्सी लीबरमन मुख्य प्रशिक्षक होत्या. एनबीएशी संलग्न पुरुषांच्या संघाची धुरा एका स्त्रीकडे येण्याची ती पहिलीच वेळ, आणि संघाने बाद फेरीही गाठली. माझ्या मते, संघाच्या इतिहासात विजेतेपदाहूनही याचे मोल अधिक आहे.

२०१५ मध्ये मॅव्हरिक्सने सतनामला ‘ड्राफ्ट’मध्ये, म्हणजे एनबीए संघांकडून होणाऱ्या नवोदित खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, ५२ व्या क्रमांकावर निवडले व अनुभवासाठी लेजंड्सकडे पाठवले. तेथे तो दोन हंगाम होता. एनबीएच्या नियमित हंगामातील सामना मात्र त्याच्या वाट्याला आला नाही. अशा संघांतील बहुतेक खेळाडूंचा करार लीगशी असल्याने त्यांना एनबीएचा कोणताही संघ बोलावू शकतो, त्यामुळे उत्तम खेळाडू हंगामाच्या मध्यातच निघून जातात.