ध्रुवबिंदू शोधायचेत, पण पदवी कशाची घेऊ?

प्रश्न : गेली दोन वर्षं मी एक शास्त्र रचतोय. नाव ठेवलंय ‘ध्रुवबिंदूशास्त्र’. वास्तव सतत सरकत असतं, पण काही बिंदू अढळ असतात. ते ओळखायचे आणि त्यांच्या आधाराने बाकीचं मोजायचं, हे त्याचं सूत्र. व्याख्या, नियम, आकृत्यांनी वही भरलीये. यात करिअर होईल का? बाबा म्हणतात, हे खूळ सोड आणि कॉम्प्युटरला जा.

उत्तर : पाठवलेली पानं वाचली. या नावाची पदवी नाही आणि या नावावर नोकरीही मिळणार नाही, हे आधीच सांगून टाकतो. पण याला खूळ म्हणायला मी तयार नाही. तू ज्या प्रश्नाला हात घातलायस, त्यावर पगारी काम करणारी माणसं आहेत.

जिओडेसी घे, म्हणजे पृथ्वीचा आकार आणि तिच्यावरची ठिकाणं मोजण्याचं शास्त्र. यात पायाखालची जमीनच सरकते. ऑस्ट्रेलिया खंड वर्षाला साधारण 7 सेंटीमीटर ईशान्येकडे जातो. तिथे 1994 सालच्या स्थितीवर बेतलेले अक्षांश-रेखांश वापरात होते. 2020 पर्यंत त्यांत सुमारे 1.8 मीटरची तफावत पडणार होती, म्हणून नवी संदर्भ चौकट आणावी लागली. मग स्थिर मानायचं तरी काय? या मंडळींनी क्वेसार धरले, म्हणजे अतिदूरच्या दीर्घिकांची झगझगीत केंद्रं. ते इतके लांब आहेत की त्यांचं आकाशातलं सरकणं जवळजवळ जाणवत नाही. 2019 पासून लागू असलेल्या आकाशीय संदर्भ चौकटीत असे 303 स्रोत पायाभूत मानलेत. वेगवेगळ्या खंडांवरच्या रेडिओ दुर्बिणी एकाच वेळी एकाच क्वेसारकडे बघतात आणि त्याच्या लहरी कुठे किती उशिरा पोहोचल्या ते मोजतात; त्यावरून दुर्बिणींमधली अंतरं कळतात. त्यातही गंमत अशी, की क्वेसारचं रूप काळानुसार बदलतं, त्याचा तेजस्वी भाग किंचित हलल्यासारखा दिसतो. म्हणजे तुझ्या ध्रुवबिंदूंवरही कुणीतरी पहारा ठेवायचा!

इथेच माझा तुझ्या पहिल्या नियमाशी वाद आहे. तू लिहिलंयस, ‘ध्रुवबिंदू मुळातच अचल असतो, तो फक्त सापडावा लागतो.’ किलोग्रॅमचं काय झालं बघ. 1889 पासून किलोग्रॅम म्हणजे पॅरिसजवळ तिजोरीत जपलेला प्लॅटिनम-इरिडियमचा एक दंडगोल. व्याख्याच ती असल्यामुळे त्याचं वस्तुमान बदलणं शक्यच नव्हतं! पण त्याच्याच बरोबरीच्या प्रतींशी ताडून पाहिलं, तर शतकभरात सुमारे 50 मायक्रोग्रॅमचा फरक पडलेला. मूळ दंडगोल हलका झाला की प्रती जड झाल्या? त्या तुलनेतून हे सांगताच येत नव्हतं. शेवटी 20 मे 2019 पासून प्लांकच्या स्थिरांकाचं (क्वांटम भौतिकीतल्या एका मूलभूत राशीचं) मूल्य कायमचं ठरवून किलोग्रॅम त्याच्याशी बांधला. आधार निवडावा लागतो आणि निवडल्यावर तो राखावा लागतो. तुझ्या वहीत राखण्याबद्दल एक ओळ नाही, आणि मोजमापशास्त्रातल्या नोकऱ्या बहुतेक त्याच कामाच्या असतात.

तुझा नियम खरा ठरतो तो गणितात. शहराचा नकाशा त्याच शहरात जमिनीवर कुठेही, कसाही सपाट पसर. नकाशावरचा एक आणि एकच बिंदू तो दाखवत असलेल्या जागेवरच पडतो. स्टेफान बानाख या पोलिश गणितज्ञाने 1922 मध्ये मांडलेल्या प्रमेयातून हे निघतं. तो बिंदू असतोच, शोधायचा उरतो. हे वाचून अंगावर काटा आला तर शुद्ध गणिताचा विचार कर.

एरवी पदवीसाठी भौतिकशास्त्र, किंवा सर्वेक्षण विषय असलेलं सिव्हिल, किंवा जिओइन्फर्मॅटिक्स (नकाशे आणि भौगोलिक माहिती संगणकावर हाताळण्याचं शास्त्र), तिन्ही वाटा चालतील. त्यात फार अडकू नकोस.

त्याआधी एक करून बघ. फोन मोकळ्या आकाशाखाली एका जागी ठेव आणि दर मिनिटाला जीपीएसचे आकडे टिपणारं ॲप तासभर चालू ठेव. मग ते आलेखावर मांड. फोन हललेला नसतानाही ठिपके विखुरलेले दिसतील. दुसऱ्या दिवशी तोच प्रयोग उंच भिंतीशेजारी कर. पसारा का वाढला, सरासरी कशी काढावी, कुठला ठिपका टाकून द्यावा, यात तुझा तास कसा गेला हे कळलं नाही, तर तू मोजणाऱ्यांतला. आकड्यांचा कंटाळा येऊन त्या ठिपक्यांची गोष्ट सुचायला लागली, तर लेखन किंवा गेम डिझाइन बघ. त्यात कमीपणा नाही, फक्त प्रवेशाची तयारी वेगळी.

राहिले बाबा. त्यांचं अर्धं म्हणणं मान्य कर. या सगळ्या क्षेत्रांत हल्ली प्रोग्रामिंग आणि संख्याशास्त्राशिवाय पान हलत नाही. लघुतम वर्गांची पद्धत (least squares, म्हणजे विखुरलेल्या मोजमापांतून सर्वांत जुळणारं उत्तर काढायची रीत) तर आत्ताच शिकायला घे. आणि प्रवेशाच्या मुलाखतीला वही जरूर ने, मात्र शास्त्राचं नाव पुढे करू नकोस. पहिला नियम खोडून काय लिहिलंस आणि का, ते मुलाखत घेणाऱ्यांना दाखव.