तो उन्हाचा झोत आणला कसा?

प्रश्न: सोसायटीच्या गच्चीवर पडदा लावून ‘कागज के फूल’ बघितला, त्यातला अंधाऱ्या स्टुडिओत वरून पडणारा तो उजेडाचा झोत डोक्यातून जातच नाहीये, कसा केला असेल हो? – एक वाचक, घोडबंदर रोड, ठाणे

उत्तर: अहो, ते खरंखुरं ऊन आहे! कॅमेरामन व्ही. के. मूर्तींनी बाहेर मोठा आरसा लावून ऊन आत घेतलं आणि आतल्या दुसऱ्या आरशावरून खाली सोडलं, हवेत धूर-धूळ असली की असा झोत उठून दिसतो. १९५९ चा हा आपला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे खूप रुंद पडद्याचा सिनेमा, चालला नाही, पण मूर्तींना फिल्मफेअर मिळालं. ‘प्यासा’चा कॅमेरा पण त्यांचाच. फाळके पुरस्कार मात्र २००८ चा, तोवर कुठल्याच कॅमेरामनला मिळाला नव्हता, फारच उशीर केला असं मला मनापासून वाटतं. आता गच्चीवर ‘साहिब बीबी और गुलाम’ लावा, त्यातल्या सावल्या बघा नुसत्या.