‘इन्शाअल्लाह’ आणि ‘माशाअल्लाह’ : क्रियापद एक, प्रसंग दोन

मस्कतमध्ये नोकरीला असलेल्या एका वाचकाने विचारले आहे की, तेथे कोणतेही काम सांगितले की ‘इन्शाअल्लाह’ असे उत्तर मिळते, तर तो होकार समजावा की टाळाटाळ. आणि ‘माशाअल्लाह’ हे त्याचेच दुसरे रूप आहे का?

दोन्हींमध्ये ‘शाअ’ हे एकच अरबी क्रियापद आहे आणि त्याचा अर्थ ‘इच्छिले’ असा आहे. ‘इन्’ म्हणजे ‘जर’. म्हणून ‘इन् शाअ अल्लाह’ म्हणजे ‘अल्लाहची इच्छा असेल तर’. क्रियापद भूतकाळी असूनही अर्थ भविष्याचा कसा, अशी शंका येईल. पण ‘पाऊस पडला तर येणार नाही’ असे आपणही म्हणतोच, आणि तेथे ‘पडला’ हे रूप पुढे पडणाऱ्या पावसाबद्दलच असते. ‘माशाअल्लाह’मधील ‘मा’ म्हणजे ‘जे’, म्हणून त्याचा अर्थ ‘अल्लाहने जे इच्छिले ते’, म्हणजे जे घडून समोर उभे आहे ते. त्यामुळे पुढे करायच्या कामाला ‘इन्शाअल्लाह’ आणि गुटगुटीत बाळ, नवे घर किंवा परीक्षेतले यश पाहून ‘माशाअल्लाह’. यांची अदलाबदल झाली की ऐकणारा चमकतो.

या दोन्ही प्रयोगांचा आधार कुराणाच्या अठराव्या सूरेत (अध्यायात), ‘अल-कहफ’मध्ये, सापडतो. ‘हे मी उद्या करीन’ असे अल्लाहच्या इच्छेची जोड दिल्याशिवाय म्हणू नये, असे 23 व 24 या आयतींत (वचनांत) सांगितले आहे; तर 39 व्या आयतीत, आपल्या बागेचा गर्व झालेल्या माणसाला त्याचा सोबती विचारतो की, बागेत शिरताना तू ‘माशाअल्लाह’ का म्हणाला नाहीस? म्हणूनच नुसते कौतुक करून थांबणे अनेक घरांत खटकते. बाळाला पाहून कोणी ‘किती गोड!’ एवढेच म्हटले, तर आजी स्वतः ‘माशाअल्लाह’ जोडते. आपल्याकडे ‘दृष्ट लागू नये’ म्हणून गालाला तीट लावतात, त्यामागची काळजी हीच.

असाच तिसरा शब्द ‘अल्हम्दुलिल्लाह’, म्हणजे ‘सर्व स्तुती अल्लाहची’. ‘कसे आहात?’ याचे उत्तर म्हणून, जेवण झाल्यावर आणि शिंक आल्यावर तो म्हणतात. पत्रातले आपले ‘ईश्वरकृपेने सर्व क्षेम’ याच्या बरेच जवळचे आहे. लेबनॉन किंवा इजिप्तमधील अरबीभाषक ख्रिस्ती लोकही हे शब्द सहज वापरतात, हे येथे आवर्जून सांगावेसे वाटते, कारण ‘अल्लाह’ हा त्यांच्याही भाषेत देवासाठीचा नेहमीचा शब्द आहे.

उच्चाराची एक गंमत अशी की, ‘माशाअल्लाह’मधला ‘ल्ल’ जड, भरदार असतो, पण ‘बिस्मिल्लाह’मध्ये (‘अल्लाहच्या नावाने’) आधी इकार आल्याने तोच हलका होतो. अरबी लिपीत ‘इन्’ आणि ‘शाअ’ हे शब्द सुटे लिहितात, कारण जोडले तर ‘इन्शा’ म्हणजे ‘निर्मिती, रचना’ असा वेगळाच शब्द दिसतो. देवनागरीत तो घोटाळा नाही, त्यामुळे जोडून लिहिण्यास हरकत नाही.

आता मूळ प्रश्न. शब्द स्वतः टाळाटाळीचा नाही. श्रद्धाळू माणूस पक्का शब्द देतानाही तो उच्चारतो. मात्र नकार तोंडावर द्यायचा नसेल, तेव्हा त्याची आड घेतली जाते, हेही खरे. ‘उद्या सकाळी दहाला येतो, इन्शाअल्लाह’ यात वेळ ठरलेली आहे, तेव्हा तो होकार धरावा. नुसतेच ‘इन्शाअल्लाह’ आले, तर ‘किती वाजता?’ असे विचारावे, आणि त्यालाही पुन्हा तेच उत्तर मिळाले, तर दुसरा माणूस पाहावा.