दोन घड्याळांमधला माणूस

अनेक उत्तम आशीर्वाद.

काळावर हुकमत मिळवणाऱ्या कल्पित संशोधकाच्या चरित्राचा तुझा आराखडा लक्षपूर्वक वाचला. यंत्राचे वर्णन पानोपानी आहे, घरातली माणसे मात्र क्वचितच बोलतात, आणि प्रत्येक संकटातून तुझा नायक काळ मागे फिरवून सुटतो. ज्याला घडलेली गोष्ट पुसून टाकता येते त्याच्या आयुष्यात कोणताच निर्णय जड राहत नाही, आणि मग चरित्र लिहिण्यासारखेही काही उरत नाही. त्याची मागे जाण्याची सोय काढून टाक. १९४९ साली गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून, भूतकाळात परतता येईल असे फिरते विश्व गणिताने मांडले होते हे खरे. पण आपले विश्व तसे फिरताना दिसत नाही. पुढे जाण्याला मात्र भौतिकशास्त्राची निःशंक परवानगी आहे, कारण अतिवेगाने धावणाऱ्याचा काळ इतरांपेक्षा सावकाश सरतो, आणि तुझ्या कथेला तेवढी पुरेशी आहे.

या परवानगीचा एक धागा मुंबईत जन्मलेल्या माणसापाशी पोहोचतो, हे तुझ्या उपयोगाचे आहे. भौतिकशास्त्रज्ञ होमी भाभा यांनी १९३८ साली केंब्रिजहून लिहिलेल्या एका छोट्या टिपणात असे सुचवले की, आपोआप विघटित होणारा कण हेच एक घड्याळ मानता येते आणि वेगाने धावताना त्या कणाचे आयुष्य लांबलेले दिसले पाहिजे. ब्रूनो रॉसी आणि डेव्हिड हॉल या भौतिकशास्त्रज्ञांनी १९४१ मध्ये अमेरिकेतल्या कोलोराडोच्या डोंगरांत वैश्विक किरणांतील, म्हणजे अवकाशातून येणाऱ्या किरणांतील, कण मोजून तसे दिसते हे दाखवले. पुढे ऑक्टोबर १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या संशोधकांनी सीझियमची चार अतिशय अचूक अणुघड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली, तेव्हा जमिनीवरच्या घड्याळांच्या तुलनेत ती पूर्वेकडच्या फेरीत सुमारे ५९ नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) मागे पडली आणि पश्चिमेकडच्या फेरीत २७३ नॅनोसेकंद पुढे गेली; पृथ्वीचे फिरणे आणि विमानाची उंची यांचाही त्यात वाटा होता. इतक्या क्षुल्लक फरकासाठी माणसांनी एवढी यातायात केली, याचे मला आजही अतोनात कौतुक वाटते. तुझ्या नायकातही ही चिकाटी असू दे; एका रात्रीत यंत्र जुळवणाऱ्या माणसावर वाचक विश्वास ठेवणार नाही.

नायकाचा जन्म १९०६ साली गिरणगावात होऊ दे, असे मी आग्रहाने सुचवतो. त्या वर्षीच्या १ जानेवारीपासून सरकारने प्रमाणवेळ लागू केली आणि ती मुंबईच्या स्थानिक वेळेच्या ३९ मिनिटे पुढे होती. घड्याळातला आकडा तोच ठेवून गिरणी सुरू झाली, तर कामगाराला सूर्याच्या हिशेबाने तेवढे आधी अंथरूण सोडावे लागणार होते. त्या जानेवारीत कामगारांनी याला उघड विरोध केला, महापालिकाही पुन्हा ‘बॉम्बे टाइम’कडे, म्हणजे मुंबईच्या जुन्या स्थानिक वेळेकडे, वळली, आणि स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे शहरात दोन वेळा नांदल्या. वेळ ठरवण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न ज्याच्या घरात रोज पहाटे भोंग्याबरोबर उठत होता, तो मुलगा पुढे काळाच्या मागे का लागला हे तुला वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. भाभांचे टिपण प्रसिद्ध झाले तेव्हा तो सुमारे बत्तीस वर्षांचा असेल; ते त्याच्या हाती कसे पडले, एवढेच तुला रचायचे आहे.

यंत्राला एकच नियम दे आणि तो शेवटपर्यंत मोडू नकोस. समज, त्याच्या खोलीत एक वर्ष सरते तेव्हा बाहेर दहा वर्षे उलटतात, प्रकाशाच्या ९९.५ टक्के वेगाने जाणाऱ्या प्रवाशाचेही प्रमाण साधारण हेच असते. खोलीत शिरताना त्याची मुलगी पाच वर्षांची असेल, तर तो बाहेर येईल तेव्हा ती पंधराची झालेली असेल. मधल्या काळात घरभाडे कोणी भरले, सासऱ्यांच्या आजारपणात कोण धावले, शाळेच्या फॉर्मवर वडिलांची सही कोणी केली, आणि बायकोने शेजारणींना त्याच्याबद्दल काय सांगितले, याचा तपशील जितका अचूक लिहिशील तितका त्याचा शोध खरा वाटेल. त्याला दुष्ट किंवा विसराळू करू नकोस. त्याचे मुलीवर मनापासून प्रेम असावे आणि तरीही तो पुन्हा खोलीत जावा. हे कसे घडते ते शोधणे हेच या चरित्राचे सर्वांत अवघड आणि सर्वांत मोलाचे काम आहे.

यंत्राचे प्रकरण तूर्त बाजूला ठेव आणि तो पहिल्यांदा बाहेर येतो त्या दिवसाचे प्रकरण मुलीच्या बाजूने लिहून पाठव. दार तिनेच उघडलेले असावे, आणि त्याच्याशी पहिले वाक्य तिनेच बोलावे. मी वाट पाहत आहे.

कळावे.