इमर्सन वाचताना धागा सुटतो

प्रश्न : मी फोंड्याची, निवृत्त शिक्षिका. यजमान गेल्यावर भाचीने अमेरिकन विचारवंत इमर्सनचे निबंध आणून दिले. वाचून मनाला उभारी येईल म्हणाली. निसर्ग, सौंदर्य, आत्मबळ, सगळं सुंदर लिहिलंय. वाक्यांखाली रेघा मारते, पण पान उलटलं की धागा सुटतो. माझंच वाचन कमी पडतं का?

उत्तर : ताई, तुमचं वाचन मुळीच कमी पडत नाही. इमर्सन रोजनिशीत सुटी सुटी वाक्यं टिपायचा, त्यांतून व्याख्यानं रचायचा आणि व्याख्यानांतून पुढे पुष्कळसे निबंध झाले. म्हणून त्याची दोन वाक्यं एकमेकांना धरून असतीलच असं नाही. त्याला सलग वाचूच नका. एका बैठकीला एक परिच्छेद, तोही मोठ्याने. वर्गात वाचायची सवय तुम्हाला आहेच.

उभारीचं म्हणाल, तर स्वावलंबनावरचा त्याचा गाजलेला निबंध 1841चा. पुढच्याच जानेवारीत त्याचा पाच वर्षांचा मुलगा वाल्डो तापाने गेला. 1844 साली ‘अनुभव’ या निबंधात त्याने त्या मृत्यूबद्दल लिहिलं. तिथे धीराचा आव नाही. दुःख आपल्याला काहीच शिकवत नाही, याचंच त्याला दुःख आहे. मला तो निबंध आधीच्यापेक्षा जवळचा वाटतो. तुमच्या पुस्तकात असला तर पहिला तोच काढा. उभारी आली पाहिजे असा धाक मनाला घालू नका, एवढं मात्र कळकळीने सांगते.

आणि सोबत दुर्गाबाई भागवतांचं ‘ऋतुचक्र’ ठेवा. चैत्र ते फाल्गुन, महिन्यागणिक लेख. जो महिना चालू असेल तो वाचायचा आणि आपल्या मुलखाशी ताडून पाहायचा. बाईंनी पाहिलेलं सगळंच फोंड्यात त्याच वेळी दिसेल असं नाही, पण त्या तफावतीतच खरी गंमत आहे. वसंताचे लेख वाचाल तेव्हा सुरंगीच्या फुलांचे वळेसर, म्हणजे गजरे, विकायला आलेले असतील. भाद्रपदात चवथीच्या, म्हणजे गणेश चतुर्थीच्या, बाजारी जा. माटोळीसाठी, म्हणजे गणपतीवर टांगायच्या रानफळा-पानांच्या मांडवीसाठी, रानातून आणलेल्या जुड्या घेऊन बायका बसलेल्या असतात. घागऱ्या नावाच्या रानझुडपाची वाळलेली शेंग कानाशी हलवून बघा, आतल्या बिया खुळखुळतात. कुठल्या डोंगरावरून आणल्या ते त्या बाईला विचारा. ती सांगेल, वर दोन झाडांची नावंही देईल. ती समासात लिहून ठेवा. त्या दिवशी पुस्तकाचं एकही पान पुढे सरकलं नाही तरी चालेल.