घरात कुणी सिनेमावालं नसेल तर?

प्रश्न : ताई, आम्ही देवगडचे, आंबा बागायतदार. मुलगी २२ वर्षांची. तिला सिनेमाच्या सेटवर स्टिल फोटोग्राफर व्हायचंय. मध्यंतरी तिनं एका फ्रेंच स्टिल फोटोग्राफरविषयी वाचलं. आजोबांपासून अख्खं घर सिनेमात, लहानपण सेटवरच गेलेलं. तेव्हापासून पोर हिरमुसली आहे. आमच्याकडे तर कुणाचा कॅमेऱ्याशी संबंध नाही. तिनं हा नाद सोडावा का?
— एक वडील, देवगड

उत्तर : अजिबात सोडू नये.

फ्रान्समध्ये सिनेमा घराण्यांतून आला, हे खरंच आहे. सिनेमाचे जनक मानले जाणारे ल्युमिएर बंधू घ्या. त्यांचे वडील लिऑनमधले फोटोग्राफर, पुढे फोटो ज्यांवर उमटवत त्या रसायन लावलेल्या काचांचे कारखानदार. मुलं त्या रसायनांच्या वासातच वाढली. रन्वार घराणं घ्या. ओग्युस्त रन्वार चित्रकार, त्यांचा एक मुलगा पिएर नट, दुसरा जाँ दिग्दर्शक आणि पिएरचा मुलगा क्लोद कॅमेरामन. अशा घरातलं पोर सेटवर गेलं की त्याला कुणी 'तू कोण' म्हणून विचारत नाही.

पण याच रन्वारांची पुढची हकिगत तुमच्या लेकीला जरूर सांगा. १९५० च्या आसपास जाँ आणि क्लोद हे काका-पुतणे कलकत्त्याजवळ हुगळीकाठी एका रंगीत चित्रपटाचं शूटिंग करत होते. सुब्रत मित्र नावाच्या एका तरुण मुलाला त्या युनिटमध्ये कॅमेरा सहायक व्हायचं होतं. काम मिळालं नाही. मग त्याचे वडील त्याला घेऊन थेट रन्वारना भेटले आणि नुसतं बाजूला उभं राहून बघायची परवानगी मिळवली. तो रोज जायचा, कुठला दिवा कुठे लावलाय याची चित्रं वहीत काढायचा, फोटो घ्यायचा. शेवटी शेवटी एका शॉटचा प्रकाश जुळवायला खुद्द क्लोद रन्वारनी त्याची वही मागून घेतली. पुढे सत्यजित राय यांचा पहिला चित्रपट याच मुलानं चित्रित केला. हातात त्याआधी मूव्ही कॅमेरा कधी आलाही नव्हता.

मला यात त्या वडिलांचं फार कौतुक वाटतं. तुम्ही हे पत्र लिहिलंत, म्हणून सांगते.

दुसरं उदाहरण रेमों कोशतिए यांचं. १९५९ साली फ्रेंच दिग्दर्शक गोदारच्या पहिल्या मोठ्या चित्रपटाचे स्टिल्स त्यांनी काढले. हा माणूस फ्रेंच हवाई दलातून इंडोचायनाला, म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या बाजूला गेलेला, तिथे आपलं आपण फोटोग्राफी शिकलेला. त्या काळी स्टिलवाल्यानं टेक झाला की नटांना पुन्हा उभं करून जाहिरातीपुरता एक फोटो काढायचा, एवढंच काम असायचं. कोशतिए यांनी आपला रोलायफ्लेक्स कॅमेरा दिग्दर्शकाकडे, कॅमेरामनकडे, रस्त्यावर चाललेल्या कामाकडे वळवला. तो चित्रपट कसा घडला हे आज आपल्याला दिसतं ते त्यांच्या फोटोंमुळे.

आता मुद्द्याचं. घराण्यामुळे आत शिरायची वाट सोपी होते, आणि सेटवर कुठे उभं राहायचं ते कळतं. पहिली गोष्ट तुमच्याकडे नाही. दुसरी शिकता येते, आणि माझ्या मते या धंद्यात तिलाच जास्त मोल आहे. मी स्वतः स्टिल फोटोग्राफर. टेकच्या वेळी मी मुख्य कॅमेऱ्याच्या अगदी लगत उभी राहते, कारण चित्रपटाची चौकट तिथूनच दिसते. नटाच्या नजरेसमोर कधीच नाही. रडण्याचा प्रसंग चाललाय आणि समोर कुणी हललं, की त्याची लागलेली तंद्री मोडते. बूमची, म्हणजे माइक लावलेली लांब काठी कुठून येणार, कॅमेऱ्याची ट्रॉली कुठवर जाणार, लाइटदादा कुठला दिवा हलवणार, हे सगळं रिहर्सललाच बघून ठेवायचं. हल्ली संवाद जागेवरच रेकॉर्ड होतात, त्यामुळे शटरचा आवाज चालत नाही. सायलेंट शटर लावलं तर काही दिव्यांखाली फोटोत पट्टे येतात. आपल्याकडच्या विजेला शटरचा वेग १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवला की ते बहुधा टळतात. दिव्यांची ही चाचणी सकाळीच उरकून घ्यावी.

हे शिकायला मुंबई गाठायची घाई नको. दिवाळीनंतर तुमच्याकडे जत्रा सुरू होतील. तिला दशावताराच्या रंगपटात पाठवा. आधी कंपनीच्या मालकांना विचारायचं, पेटाऱ्यातल्या गणपतीला नमस्कार करायचा आणि फ्लॅश घरी ठेवायचा. स्त्रीपार्टी करणारा नट एका हातात आरसा धरून भुवई रेखत असतो, तेव्हा त्याला अर्धवट रंगलेला बाप्या म्हणून बघायचं की राणी म्हणून, हे तिचं तिनं ठरवायचं. त्या वेळी तो बोटभरही हलत नाही, श्वाससुद्धा रोखून धरतो. तेवढ्यात फोटो मिळाला तर मिळाला. "बाय, थंय उभी रवा नको, सावळी पडता," असं कुणी म्हणालं की मुकाट बाजूला व्हायचं. सेटवर कॅमेरामन हेच जरा कमी मायेनं सांगतो. नाटक रात्रभर चालतं, संवाद लिहिलेले नसतात, पुढच्या क्षणी काय होईल ते कुणी सांगत नाही. सगळा मोसम हे केलं की तिच्याकडे दाखवण्याजोगं काम तयार होईल. त्यातले वीसेक फोटो निवडून घेऊन सिंधुदुर्गात शूटिंगला येणाऱ्या युनिटच्या प्रॉडक्शन मॅनेजरला भेटायचं. मोबाइलवर दाखवू नये, छापून न्यावेत.

आणि पहिलं काम मिळालं की करार वाचल्याशिवाय सही नको. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार, दुसऱ्यानं पैसे देऊन काढवून घेतलेल्या फोटोचा मालक तो पैसे देणाराच असतो, वेगळं काही ठरलं नसेल तर. म्हणून चित्रपट प्रदर्शित झाल्यावर आपले फोटो आपल्या नावानं दाखवता येतील, एवढं एक वाक्य करारात घालून घ्यावं. माझी कितीतरी चांगली कामं अशा वाक्याअभावी कुठल्या तरी कपाटात पडून आहेत, आणि त्याची मला आजही हळहळ वाटते.

प्रश्न : लेन्समध्ये कोळ्याच्या जाळ्यासारखं काहीतरी दिसतंय, पुसून जात नाही.
— एक वाचक, वेंगुर्ला

उत्तर : बुरशी आहे, आणि ती आतल्या काचेवर आहे. घरी उघडू नका, जाणकाराकडून साफ करून घ्या आणि तोवर बाकीच्या लेन्सपासून लांब ठेवा. चामड्याच्या पिशवीत लेन्स ठेवणं बंद करा. घट्ट झाकणाचा प्लास्टिकचा डबा आणि त्यात सिलिका जेल पुरे. जेलचा रंग बदलला की ते गरम करून कोरडं करायचं. एसीच्या खोलीतून किनाऱ्यावर जाताना कॅमेरा लगेच बाहेर काढू नका, बंद पिशवीतच थोडा वेळ राहू द्या, नाहीतर काचेवर दव धरतं. आणि पावसाळ्यात लेन्स कपाटात कोंडून ठेवू नका, वापरात ठेवा.