चिखल रटरटतो की खदखदतो?

प्रश्न असा आला आहे: "मुलीकडे अमेरिकेत गेलो होतो, तेव्हा यलोस्टोन राष्ट्रीय उद्यान पाहून आलो. एका ठिकाणी पाटीवर 'मड व्होल्कॅनो' असं नाव होतं. फोटोखाली मी 'चिखलाचा ज्वालामुखी' असं लिहिलं, तर थोरल्या बहिणीनं हटकलं, 'यात ज्वाला कुठे आहे रे?' दुसरीकडे 'मडपॉट' अशी पाटी होती. या दोन्हींना मराठीत काय म्हणावं? आणि तो चिखल रटरटतो म्हणायचं की खदखदतो?"

बहीण म्हणते ते बरोबर आहे, फक्त तिनं दिलेलं कारण जरा तपासायला हवं.

आधी पुस्तकी शब्दाचं बघू. 'पंकज्वालामुखी' असा जोडशब्द भूगोलाच्या लिखाणात भेटतो. व्याकरणाच्या दृष्टीनं त्यात काही खोट नाही. पंक म्हणजे चिखल, हे आपल्याला 'पंकज'मुळे माहीत असतं. घोटाळाही तिथेच होतो. डोळा सवयीनं 'पंकज' तोडून घेतो आणि उरतं 'वालामुखी'. मी स्वतः तो शब्द पहिल्यांदा वाचला तेव्हा हे कुणाचं तरी नाव-आडनाव असावं असंच वाटलं होतं. शब्द उच्चारताना वाचक अडखळला की तो शब्द पाठ्यपुस्तकातच राहतो. तेव्हा सरळ 'चिखलाचा ज्वालामुखी' हेच बरं. प्रश्न उरतो तो ज्वालेचा.

'ज्वालामुखी' हे नाव मुळात देवीचं. हिमाचल प्रदेशात कांगडा जिल्ह्यात ज्वालामुखीचं देऊळ आहे. तिथं मूर्ती नाही. खडकाच्या फटींतून येणारा नैसर्गिक वायू पेटलेला असतो, त्या ज्योतींचीच पूजा होते. गंमत पाहा: ज्या जागेवरून हा शब्द आपल्या तोंडी बसला, तिथं लाव्हा नाही, राख नाही, विवर नाही. आहे तो फक्त जमिनीतून वर येणारा वायू. नंतर तोच शब्द आपण व्हेसूव्हियस-एटनाला लावला, आणि आता ज्वालामुखी म्हटलं की लाव्हाच हवा असा आग्रह धरतो.

भूशास्त्रात ज्याला मड व्होल्कॅनो म्हणतात, तोही वायूचाच खेळ. खोल गाडलेल्या ओल्या गाळावर वरच्या थरांचं ओझं पडतं, त्यात मिथेनसारखा वायू कोंडतो, आणि वाट मिळाली की पाणी, चिकणमाती आणि वायू मिळून वर येतात. तोंडापाशी चिखल साचत जातो आणि शंकूसारखी टेकडी तयार होते. हा चिखल बऱ्याचदा थंडगार असतो, हात घातला तरी चालतो. अझरबैजानात गोबुस्तान भागात असे डोंगरउंचवटे पाहायला लोक जातात. त्या देशात असे ३०० हून अधिक आहेत. त्यातला एखादा अधूनमधून पेट घेतो, आणि मग खरीखुरी ज्वाला आकाशात जाते. म्हणजे कांगड्याच्या देवीचं नाव त्यांना बिनदिक्कत शोभतं. आपल्याकडे अंदमानात बाराटांग बेटावर चिखलाचा ज्वालामुखी आहे. याच द्वीपसमूहात बॅरन बेटावर लाव्हा ओकणारा खरा ज्वालामुखीही आहे, त्यामुळे दोघांतला फरक समजावायला अंदमानासारखी जागा नाही.

याहून जवळचं उदाहरण सरहद्दीपलीकडे आहे. बलुचिस्तानातल्या हिंगोल राष्ट्रीय उद्यानात हिंगलाज मातेचं स्थान आहे, आपल्याकडच्या भावसार समाजाची कुलदेवता तीच. यात्रेकरू देवीकडे जाण्याआधी चंद्रगूप नावाच्या चिखलाच्या टेकडीवर चढतात आणि वरच्या बुडबुडत्या विवरात नारळ टाकतात. देवी, वायू आणि चिखल असे तिघं तिथं एकत्र नांदतात. एखाद्या भावसार घरातल्या आजीबाईंना 'चिखलाचा ज्वालामुखी' हा शब्द खटकणार नाही अशी माझी खात्री आहे.

मग यलोस्टोनमध्ये का खटकावा? कारण तिथलं प्रकरण वेगळंच आहे. पाटीवर मड व्होल्कॅनो लिहिलं असलं तरी भूशास्त्राच्या हिशेबात ती जागा त्या जातीची नाही. १८७० साली वॉशबर्न, लँगफर्ड आणि डोन यांची तुकडी या भागातून गेली, तेव्हा त्यांना एक शंकू दिसला. त्यातून दणादण आवाज करत चिखल उडत होता, आजूबाजूच्या झाडांवर त्याचे थर बसले होते. हे दृश्य पाहून जे नाव सुचेल तेच पडलं. पण पुढच्या दोनेक वर्षांतच त्या शंकूची एक बाजू उडून गेली, आणि आज उरलाय तो करडा बुडबुडता डोह. नाव मात्र राहिलं. (आपल्याकडे नाही का, वड नसलेल्या वडगावांत लोक सुखानं राहतात!)

इथं चिखल खोलवरून येत नाही. तो जागच्या जागी तयार होतो; मडपॉट म्हणतात ते हेच. खालून वाफ आणि वायू येतात, त्यात कुजक्या अंड्यांचा वास असणारा हायड्रोजन सल्फाइड असतो. त्याच्यावर जगणारे सूक्ष्मजीव त्यातून गंधकाम्ल बनवायला हातभार लावतात. ते आम्ल खडकाला खातं, खडकाची मऊ चिकणमाती होते. रंग करडा-पांढरा, पोत आपल्या शाडूसारखा. पाणी बेताचंच असतं, म्हणून ती माती वाहून न जाता तिथेच कालवली जाते. आणि हे सगळं तापतं ते काही किलोमीटर खाली असलेल्या तप्त शिलारसामुळे.

आता शब्दाकडे येतो. 'चिखलकुंड' हा शब्द बहुतेकांना पहिल्यांदा सुचेल, मलाही सुचला होता. पण कुंड म्हटलं की आपल्याला वज्रेश्वरी आठवते, गणेशपुरी आठवते, पायऱ्या उतरून पाण्यात बसलेली माणसं आठवतात. कुंड आपल्याला आत बोलावतं. यलोस्टोनच्या या भागात सल्फर कॉल्ड्रन नावाचा जो डोह आहे, त्याचं पाणी मोटारीच्या बॅटरीतल्या आम्लाशी तुलना करण्याइतकं जहाल आहे. तिथं कुंड शब्द नको.

'मडपॉट' ऐकलं की माझ्या मनात आधी मडकंच येतं, पण मडकं लहान, शिवाय गार पाण्याचं.

मला पटलेला शब्द गुऱ्हाळातला आहे: काहील. कोल्हापूर-सांगलीकडे ज्यांनी गुऱ्हाळ पाहिलंय त्यांना सांगायला नको. उसाचा रस आटवायची ती भली मोठी, पसरट कढई. खाली चुलवाण पेटलेलं, वर मळी काढत उभा असलेला गुळव्या. (अनेकवचन 'काहिली'. उन्हानं अंगाची होते ती काहिली अर्थानं वेगळी, पण कानाला शेजारीच लागते.) 'चिखलाची काहील' म्हटलं की आकार कळतो, ताप कळतो, आणि आत पाय घालायचा नाही हेही न सांगता कळतं. मुख्य म्हणजे काहिलीखाली चुलवाण असतंच. बाराटांगला किंवा चंद्रगूपला खाली चुलवाण नाही, यलोस्टोनला आहे. म्हणजे जो फरक इंग्रजी पाटीनं पुसून टाकला, तो आपला शब्द राखतो.

शिवाय तिथल्या अनेक डोहांच्या नावांत 'कॉल्ड्रन' आहेच. आणि यलोस्टोनचा मोठा भाग ज्या अवाढव्य खळग्यात वसलाय, सुमारे ६,४०,००० वर्षांपूर्वीच्या महास्फोटानंतर जमीन खचून झालेला, त्याला भूशास्त्रज्ञ 'काल्डेरा' म्हणतात. हा स्पॅनिश शब्दही त्याच कुळातला, अर्थ उकळायचं मोठं भांडं. मोठ्या काहिलीत बारक्या काहिली, असा तो सगळा कारखाना आहे. त्याच भागात १९७८ च्या सुमारास भूकंपांची मालिका झाल्यावर एका उताराची जमीन इतकी तापली की झाडांची मुळं शिजून झाडं मेली. त्या उताराला त्यांनीच 'कुकिंग हिलसाइड' म्हटलंय. शिजती टेकडी! स्वयंपाकघराबाहेरचा शब्द त्यांनाही सुचला नाही, तर आपण का लाजायचं?

आता क्रियापद. 'उकळतो' हे मी टाळीन. उकळणं म्हणजे तापमानाबद्दल विधान करणं. यलोस्टोन इतक्या उंचीवर आहे की तिथं पाणी ९३ अंश सेल्सिअसच्या आसपासच उकळतं, आणि मड व्होल्कॅनो भागातले काही डोह तर तेवढेही तापलेले नसतात. वर येणाऱ्या वायूमुळे, त्यात कार्बन डायऑक्साइड पुष्कळ, ते उकळल्यासारखे दिसतात. सोडावॉटर उकळतं असं आपण म्हणत नाही.

खदखदणं आणि रटरटणं हे आवाजावरून झालेले शब्द, ते थर्मामीटर मागत नाहीत. पण दोन्ही सारखे नाहीत. चहा खदखदतो, आधणाचं पाणी खदखदतं, भाताची पेज खदखदते. म्हणजे पातळ पदार्थ, बुडबुडे भराभर आणि एकमेकांत मिसळणारे. पिठलं रटरटतं, दाटसर आमटी रटरटते; इथं बुडबुडा जाड सायीखालून वर येतो, फुगतो, फुटतो, आणि दोन बुडबुड्यांत श्वास घेण्याइतकी सवड असते. त्याहून घट्ट झालं की फदफदतं, आणि मग चुलीपासून लांब उभं राहावं लागतं, कारण शिंतोडे उडतात. मनातला राग मात्र खदखदतो, कधी रटरटत नाही. का, ते मला अजून उमगलेलं नाही.

यलोस्टोनमधल्या चिखलाला ही तिन्ही क्रियापदं लागतात, हे मला फार आवडलं. वसंतात बर्फ वितळून पाणी मिळतं तेव्हा तो पातळ असतो आणि खदखदतो. उन्हाळा सरत येतो तसा तो आटतो, रसाची काकवी व्हावी तसा. मग रटरटतो, फदफदतो, गोळे उडवतो. पाणी पुरतंच आटलं तर चिखल जातो आणि नुसती फुसफुसणारी वाफेची वाट उरते. तिला 'धूम्रछिद्र' असा शब्द पुस्तकांत असतो, पण त्यातून धूर येत नाही, वाफ येते. सर्दीत डोक्यावर टॉवेल घेऊन आपण जो घेतो तो 'वाफारा' शब्द मी तिथं बेधडक वापरीन.

विषय निघालाच आहे तर दोन ओळी गरम झऱ्यांबद्दल. 'उष्णोदकाचा झरा' असं लिहायची काहीच गरज नाही. कोकणात त्याला 'उन्हाळं' म्हणतात. राजापूरजवळचं उन्हाळे, दापोलीकडचं उन्हवरे, पालीजवळचं उन्हेरे, जळगाव जिल्ह्यातला उनपदेव, किनवटकडचा उनकेश्वर, ही सगळी नावं गरम पाण्याचीच. ऊन म्हणजे उष्ण. 'ऊन ऊन भात' मधलं ऊन. उडत्या गरम कारंज्यांसाठी मात्र अडचण आहे. गायझर हा शब्द आइसलँडच्या गेसिर या एका कारंज्यावरून जगभर गेला, आणि आपल्याकडे येऊन न्हाणीघराच्या भिंतीवर टांगला गेला. 'यलोस्टोनमध्ये जगातले निम्म्याहून जास्त गीझर आहेत' हे वाक्य एखाद्या मराठी घरात मोठ्यानं वाचून बघा.

तुमच्या फोटोखाली मी असं लिहीन: 'यलोस्टोनमधली चिखलाची काहील. नाव मड व्होल्कॅनो, पण ज्वालामुखी नव्हे.' बहिणीला दाखवा. पुढं 'खदखदताना' लिहायचं की 'रटरटताना', ते फोटो जूनमधला आहे की सप्टेंबरमधला, हे कळवलंत की सांगतो.